गांजाच्या दवाखान्यात नंबर लावताना

गांजा आणि दवाखाना हे दोन शब्द शेजारी बसवले की मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर जे चित्र उभं राहतं, त्यात डॉक्टर जटाधारी असतो, गळ्यात स्टेथोस्कोपच्या जागी रुद्राक्षाची माळ असते, कंपाउंडर चिलीम भरत असतो आणि बाकावरचे पेशंट आपण कशासाठी आलो होतो हे विसरून एकमेकांकडे बघून हसत असतात. चित्र झकास आहे, पण साफ चुकीचं आहे. जगात जिथे जिथे कायद्याने असे दवाखाने चालतात, तिथे पाऊल टाकणाऱ्या रुग्णाने पहिली अपेक्षा ठेवावी ती कंटाळ्याची. फॉर्म, जुने रिपोर्ट, पुन्हा फॉर्म, मग ‘या फॉर्मची एक प्रत तुमच्याकडे ठेवा’ अशी सूचना, आणि तिच्यासाठी आणखी एक सही. माझं म्हणणं असं, की हा कंटाळा म्हणजे त्या दवाखान्याचा दोष नव्हे, तीच त्याच्या खरेपणाची खूण आहे. दवाखाना जितका रटाळ, तितका विश्वासाचा. आणि जिथे मजा वाटायला लागली, तिथून चपला शोधून निघावं. आपल्या भाषेने ‘भांगेत तुळस’ आणि ‘तुळशीत भांग’ अशा दोन्ही म्हणी करून ठेवल्या, पण लांबून पाहताना कोणतं रोप कोणतं हे ओळखायचं कसं, ते काही सांगितलं नाही.

ब्रिटनचं उदाहरण घेऊ, कारण रांगेत उभं राहण्याच्या कलेत त्या देशाचा हात धरणारा दुसरा नाही. १ नोव्हेंबर २०१८ पासून तिथे गांजापासून बनवलेली औषधं डॉक्टर लिहून देऊ शकतात. हे ऐकून कोणी उल्हासाने धावत सुटला, तर पहिल्याच वळणावर त्याला कळतं की नेहमीच्या फॅमिली डॉक्टरला ही चिठ्ठी सुरू करण्याचा अधिकार नाही. विशेषज्ञांच्या अधिकृत नोंदवहीत ज्याचं नाव आहे, त्यानेच ती लिहायची. या विशेषज्ञासमोर बसण्याआधी तुमची सगळी वैद्यकीय कुंडली मागवली जाते. तुमच्या दुखण्यावर निदान दोन नेहमीची औषधं घेऊन झाली आणि त्यांचा गुण आला नाही, हे कागदावर दिसावं लागतं. म्हणजे आधी दोनदा नापास झाल्याचा दाखला आणल्याशिवाय इथे प्रवेश नाही. मग प्रश्न. हृदयाचं काही आहे का? गरोदर आहात का? रक्त पातळ करायची गोळी चालू आहे का? घरात कोणाला स्किझोफ्रेनिया किंवा भ्रम होण्याचा आजार होता का? हा शेवटचा प्रश्न आपल्याकडे स्थळ पाहताना विचारतात आणि उत्तर ठरलेलं असतं, ‘छे छे, आमच्याकडे तसलं काही नाही.’ इथे मात्र खरं सांगण्यात फायदा आहे, कारण गांजातला नशा आणणारा घटक, ज्याला टीएचसी म्हणतात, तो अशा माणसाचा आजार उसळवू शकतो. इतकं सगळं झाल्यावरही बऱ्याच दवाखान्यांत एकट्या डॉक्टरच्या मतावर भागत नाही. चार सहकारी बसून त्या मतावर मत देतात. आपल्याकडे लग्नाची बोलणी याहून कमी माणसांत उरकतात.

हा सगळा बारकावा इंग्रज शिकले कुठे, तर आपल्याच देशात. विल्यम ओशॉनेसी नावाचा एक आयरिश डॉक्टर कलकत्त्याच्या मेडिकल कॉलेजात शिकवत होता. इथले लोक भांग, गांजा, चरस औषधाला आणि बिनऔषधाला कसे वापरतात हे त्याने वैद्य-हकिमांना विचारलं, आणि १८३९ मध्ये त्यावर निबंध वाचला. माणसांना देण्याआधी त्याने प्राण्यांना देऊन पाहिलं. एका मध्यम चणीच्या कुत्र्याला दहा ग्रेन नेपाळी चरस दिला आणि वही उघडून बसला. अर्ध्या तासात कुत्रा मंद झाला, पेंगू लागला, मध्येच दचकून उठला, परम समाधानाने शेपटी हलवत राहिला, हावरटासारखा जेवला, हाक मारल्यावर झोकांड्या खाऊ लागला आणि सहा तासांत ठणठणीत झाला. होळीच्या दुसऱ्या दिवशी आपल्याला कळणारे किस्से याहून वेगळे नसतात, पण त्यांत किती दिली आणि किती वाजता उतरली हे कधीच लिहिलेलं नसतं. नशेच्या गोष्टीचं औषधात रूपांतर होतं ते नेमकं या रुक्ष आकड्यांनी. पुढे भारतीय गांजाचा अर्क ब्रिटिश औषधकोशात गेला आणि १९३२ पर्यंत तिथे राहिला. याच ओशॉनेसीने १८५०च्या दशकात हिंदुस्थानभर विद्युत तारायंत्राचं जाळं विणलं. एकाच माणसाने साहेबाच्या दवाखान्यात गांजा नेला आणि आपल्या देशात तार आणली. तेव्हा तो तारेत होता की तार त्याच्यात, यावर संशोधनाला वाव आहे.

आता मजेच्या दवाखान्यांकडे वळू. १९९६ मध्ये कॅलिफोर्नियाच्या मतदारांनी प्रस्ताव २१५ मंजूर केला. त्यात कर्करोग, एड्स, काचबिंदू अशा गंभीर दुखण्यांची यादी दिली होती आणि शेवटी एक शेपूट जोडलं होतं, ‘गांजाने आराम पडतो असा इतर कुठलाही आजार’. कायद्यात ‘इतर कुठलाही’ हे दोन शब्द आले की आपल्याकडचा नवशिका वकीलही बाह्या सरसावतो. तिथे डॉक्टरांनी सरसावल्या. अमेरिकेच्या केंद्रीय कायद्याने गांजा निषिद्धच असल्याने डॉक्टरला औषधाची चिठ्ठी लिहिता येत नव्हती. तो फक्त शिफारस करू शकत होता. शिफारशीच्या चिठ्ठीवर काय काय मिळू शकतं, हे महाराष्ट्रात कोणाला शिकवायला नको. व्हेनिस बीचच्या किनाऱ्यावर तर हिरव्या कपड्यांतली मंडळी वडापवाल्यासारखी हाका मारून गिऱ्हाइकांना आत बोलवायची. आता दवाखान्याबाहेर उभं राहून ‘चला, डॉक्टर आत आहेत, लगेच निघायचंय’ असं कोणी ओरडत असेल, तर आतल्या माणसाला तुमच्या पाठदुखीत रस आहे की पाठीमागच्या खिशात, हे कळायला वैद्यकीय पदवी लागत नाही. थायलंडने २०२२च्या जूनमध्ये गांजा अंमली पदार्थांच्या यादीतून काढला, गल्लोगल्ली दुकानं उघडली, आणि तीन वर्षांनी सरकारला आठवलं की आपण हे औषध म्हणून करणार होतो. २०२५ मध्ये चिठ्ठी सक्तीची झाली. आधी वरात आणि मग साखरपुडा, असा तो प्रकार.

पण हसू यावं आणि घामही फुटावा असा दाखला ऑस्ट्रेलियाचा आहे. तिथल्या डॉक्टरांवर देखरेख ठेवणाऱ्या संस्थेने २०२५ मध्ये जाहीर केलं, की आठ जणांनी सहा महिन्यांत प्रत्येकी दहा हजारांहून जास्त गांजाच्या चिठ्ठ्या लिहिल्या, आणि त्यांतल्या एकाच्या नावावर सतरा हजारांहून जास्त दिसतात. आठवड्याचे पाच दिवस कामाचे धरले, तर रोजच्या एकशे तीसच्या आसपास. दिवसाचे आठ तास धरले, तर पावणेचार मिनिटांना एक. यात चहा नाही, जेवण नाही, ‘जरा बसा हं, आलोच’ नाही. एकाच रुग्णाला दोन-तीन चिठ्ठ्या मिळाल्या असतील असं मानून वेळ थोडा वाढवून दिला, तरी सही करणारा हात आणि विचार करणारं डोकं यांची भेट केव्हा होत असेल हा प्रश्न राहतोच. सरकारी ओपीडीत घाईची तपासणी सोसलेला आपला वाचक म्हणेल, त्यात काय मोठंसं? पण तिथे डॉक्टर घाई करतो ती बाहेर तापाने फणफणलेली दोनशे माणसं उभी असतात म्हणून. इथे रांग जाहिरात देऊन बोलावलेली असते. याच संस्थेने आणखी एका गोष्टीवर बोट ठेवलं, ते म्हणजे मंजुरीसाठी काय उत्तर द्यावं हे रुग्णाला आडून सुचवणाऱ्या ऑनलाइन प्रश्नावल्या. दहावीच्या मुलांना हे कसब ठाऊक आहे. त्यांच्या अपेक्षित प्रश्नसंचात प्रश्नाखालीच उत्तर असतं. ‘तुम्हाला झोप नीट लागत नाही, बरोबर ना?’ असं विचारलं गेलं की समजावं, इथे तपासणी होत नाही, पाठांतर घेतलं जातं. आणि चिठ्ठी लिहिणारा आणि माल विकणारा एकाच गादीवर बसलेले असतील, तर त्या दवाखान्यात ‘तुम्हाला याची गरज नाही’ हे वाक्य बोलण्याचे पैसे कोणालाच मिळत नसतात.

नेमकं तेच वाक्य ऐकायची तयारी रुग्णाने ठेवायला हवी. गांजाच्या दवाखान्यातला उत्तम डॉक्टर गांजाविषयी विक्रेत्याइतका उत्साही नसतो. जावयाच्या नव्या धंद्याविषयी सासऱ्याची जी भावना असते, ती त्याची गांजाविषयी असते. आशा आहे, पण हिशेब दाखव. हिशेब कुठे चोख आहे हे तो सांगू शकतो. ड्रॅव्हे सिंड्रोम नावाच्या, लहानपणीच सुरू होणाऱ्या फार कठीण अपस्मारात सीबीडी या घटकाची चाचणी २०१७ मध्ये प्रसिद्ध झाली. एकशे वीस मुलं आणि तरुण त्यात होते. औषध घेणाऱ्यांचे महिन्याचे झटके १२.४ वरून ५.९ वर आले. खोटं औषध घेणाऱ्यांचे १४.९ वरून १४.१ वर. सीबीडीने नशा येत नाही. गुंगी, जुलाब, उलट्या मात्र होऊ शकतात, यकृतावर लक्ष ठेवावं लागतं, आणि झटक्यांवरच्या दुसऱ्या एका औषधाबरोबर दिलं तर त्याचं रक्तातलं प्रमाण वाढतं. केमोथेरपीच्या उलट्या आणि मल्टिपल स्क्लेरोसिसमधला स्नायूंचा ताठरपणा, इथेही पुरावा बऱ्यापैकी उभा राहतो. खरी गंमत जुन्या दुखण्यांची आहे. दवाखान्यात येणाऱ्यांत सर्वांत मोठी गर्दी त्यांचीच, आणि पुराव्याचा पाय डळमळीत तोही तिथेच. अमेरिकेच्या राष्ट्रीय अकादमींनी २०१७ मध्ये म्हटलं, प्रौढांच्या जुनाट वेदनेवर भक्कम पुरावा आहे. ब्रिटनच्या ‘नाइस’ या संस्थेने २०१९ मध्ये म्हटलं, फायदा लहान आणि खर्च मोठा, तेव्हा वेदनेसाठी टीएचसी देऊ नये. दोन शहाण्यांनी एकच पत्रिका पाहून एकाने छत्तीस गुण सांगावेत आणि दुसऱ्याने मंगळ, तसं झालं. चांगला डॉक्टर ही दोन्ही मतं रुग्णाच्या पुढ्यात ठेवतो आणि म्हणतो, थोडंसं देऊन पाहू, गुण नाही आला तर थांबवू. ‘शंभर टक्के गॅरंटी’ हे वाक्य आपल्याकडे भिंतीवर रंगवलेलं असतं, आणि ज्या भिंतीवर असतं त्या भिंतीला लागून सहसा दवाखाना नसतो, तंबू असतो.

इथे एक आक्षेप हमखास येतो आणि तो आपल्या मातीतला आहे. वनस्पतीच तर आहे, शंकराला वाहतो, हजारो वर्षं चालत आलंय, त्याला कशाला हवेत एवढे फॉर्म? उत्तरही आपल्याच मातीतलं आहे. धोतरासुद्धा वनस्पतीच आहे आणि तोही शंकरालाच वाहतात. म्हणून त्याची कोशिंबीर कोणी करत नाही. शारंगधराने आपल्या संहितेत भांगेला अफूच्या पंगतीला बसवलं आहे, आणि पचण्याआधीच अंगभर पसरणारं द्रव्य म्हणजे काय हे समजावायला या दोघींचा दाखला दिला आहे. आयुर्वेदात ती शोधन केल्याशिवाय औषधात घेत नाहीत. आजच्या भारतीय औषध नियमांत विषारी द्रव्यांची एक खास यादी आहे. तिच्यात भांग आहे, धोतरा आहे, कुचला आहे, बचनाग आहे, आणि ही द्रव्यं असलेल्या औषधाच्या वेष्टनावर वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यावं असा इशारा छापावा लागतो. १९८५च्या अंमली पदार्थ कायद्याने गांजा म्हणजे फुलोऱ्याचे शेंडे असं ठरवलं आणि शेंड्यांशिवायची पानं व बिया त्या व्याख्येबाहेर ठेवल्या. त्या फटीतून आपल्याकडेही ‘विजया’ या सोज्वळ नावाने पानांच्या अर्काची तेलं वैद्याच्या चिठ्ठीवर मिळू लागली आहेत. महाराष्ट्रात भांगेवर राज्याच्या दारूबंदी कायद्याचीही नजर असते. एकाच झाडाचं पान वैद्याकडे, शेंडा पोलिसाकडे आणि नाव पुराणाकडे, अशी वाटणी झाली आहे. तेव्हा परंपरेचं नाव घेऊन फॉर्म चुकवायचा असेल, तर परंपरेने आधीच फॉर्म भरून ठेवला आहे हे लक्षात घ्यावं.

दुसरा आक्षेप याहून जड आहे आणि तो हसण्यावारी नेता येत नाही. कंटाळ्याचं कौतुक निरोग्यांनी करावं. ज्याचं मूल दिवसात अनेकदा झटके खातं, त्याला रांग ही शिक्षा आहे. २०१८च्या जूनमध्ये बिली कॉल्डवेल या बारा वर्षांच्या मुलासाठी आईने कॅनडाहून आणलेलं तेल हीथ्रो विमानतळावर जप्त झालं. मुलाचे झटके बळावले, तो इस्पितळात गेला, आणि काही दिवसांतच गृहमंत्री साजिद जाविद यांना ते तेल परत द्यायची परवानगी काढावी लागली. नोव्हेंबरमधला कायदा त्या गदारोळातून आला. आणि आल्यावरही सरकारी आरोग्यसेवेतून असं औषध फार थोड्यांना मिळालं. बाकीच्यांनी खासगी दवाखान्याचं बिल भरलं. हे खरं आहे आणि लाजिरवाणं आहे. पण बंद दार आणि कंटाळवाणं दार यांत फरक असतो. विमानतळावरच्या माणसाने प्रश्न विचारले नाहीत, बाटली घेतली. पावणेचार मिनिटांत चिठ्ठी देणाऱ्यानेही प्रश्न विचारले नाहीत, बाटली दिली. दोघांनाही त्या मुलाच्या झटक्यांची वही उघडायची नव्हती. रुग्णाने जो कंटाळा मागायचा, तो ही वही उघडून बसणाऱ्या माणसाचा. त्याची फी सरकारने भरावी की खिशातून जावी हे भांडण वेगळं आहे, आणि माझ्या मते ते जोरात करावं. रस्त्याच्या कोपऱ्यावर फॉर्म न भरता पुडी मिळते म्हणून लोक तिकडे वळतील, असंही कोणी म्हणेल. वळतात. पण त्या पुडीवर टीएचसी किती हे लिहिलेलं नसतं, आणि गुण आला नाही तर परत दाखवायला जायचं कोणाकडे?

चिठ्ठी मिळाल्यावर तरी सुटका होईल, अशी आशा धरू नये. ब्रिटनमध्ये ही चिठ्ठी अठ्ठावीस दिवसांत वापरावी लागते आणि एका वेळी साधारण महिन्याभराचा साठा मिळतो. तेल असेल तर थेंबांनी सुरुवात, आणि परिणाम जाणवायला तास-दोन तास. तेवढ्यात ‘काहीच झालं नाही’ म्हणून आणखी थेंब घेणाऱ्याची संध्याकाळ ओशॉनेसीच्या कुत्र्यासारखी जाते. फुलंही लिहून देतात, सीलबंद डबीत, नावाचं लेबल लावून. आणि इथे साहेबाच्या कायद्याने विनोदी वाङ्मयात मोलाची भर घातली आहे. ही फुलं धुरावाटे ओढायला बंदी आहे. यंत्रात तापवून वाफ घ्यायची, काडी लावायची नाही. डॉक्टरने गांजा दिला, सरकारने परवानगी दिली, दुकानदाराने डबी दिली, आणि रुग्णाने चिलीम काढली की तो गुन्हेगार. फुलांच्या जातींची नावंही ऐकण्यासारखी असतात. गोरिला ग्लू, वेडिंग केक, सावर डिझेल. आयुष्यभर ‘सकाळ-संध्याकाळ जेवणानंतर’ ऐकलेल्या आजोबांना फोनवर ‘तुमचं गोरिला ग्लू संपलंय, वेडिंग केक चालेल का?’ असं विचारलं जातं, तेव्हा त्यांनी गोंधळून न जाता फक्त टक्केवारी विचारावी. औषध त्या आकड्यात आहे, बाकीचं बारसं शेतकऱ्याने केलेलं आहे. गाडी चालवत असाल तर एका लिटर रक्तात दोन मायक्रोग्रॅम टीएचसीची मर्यादा आहे. चिठ्ठी आणि लेबल दाखवून बचाव करता येतो, पण तो डॉक्टरने सांगितल्याप्रमाणेच औषध घेतलं असेल आणि गाडी सरळ चालली असेल तरच. परदेशी निघताना त्या देशाच्या वकिलातीला आधी विचारावं लागतं. एवढं पथ्य आपल्याकडे कावीळ झाल्यावरही सांगत नाहीत.

आणि मग फेरतपासणी. मल्टिपल स्क्लेरोसिसच्या ताठरपणासाठी तोंडात मारायचा एक फवारा आहे. तो आधी चार आठवडे देऊन पाहतात. शून्य ते दहा या पट्टीवर रुग्णाने आपला त्रास सांगायचा, आणि तो निदान वीस टक्क्यांनी उतरला तरच पुढे चालू. डॉक्टर वही उघडतो आणि विचारतो, मागच्या वेळी किती म्हणाला होतात? नऊ. आता? रुग्ण पाय हलवून पाहतो, छताकडे बघतो, मनाशी काही जुळवतो आणि म्हणतो, सात. डॉक्टर भागाकार करतो. बावीस टक्के, औषध चालू. साडेसात म्हणाला असता, तर त्याच दिवशी बाटली सुटली असती.